भिंत कुणाची?



भिंतीवरची चित्रं दाखवणाऱ्या सहली हल्ली शहराशहरांत निघतात. गाईड पुढं, कॅमेरे मागं. चित्र दिसतं, भिंतीआडचा माणूस दिसत नाही.

शिकागोच्या दक्षिण भागात 1967 साली काळ्या चित्रकारांनी एका पडक्या इमारतीवर आपले नायक रंगवले. माल्कम एक्स, मुहम्मद अली, नीना सिमोन. नाव दिलं ‘सन्मानाची भिंत’. कोण रंगवायचं, हे वस्तीला विचारलं. 1971त आग लागली, 1972त भिंत पाडली. त्याच 1972त मुंबईत पँथर उठला!

आपल्या वस्तीतही निळ्या कोटातले बाबासाहेब भिंतीवर उभे आहेत. उद्या सहल येईल. येऊ द्या. पण वाटाड्या वस्तीतलाच पाहिजे. चित्र कुणी काढलं, नळ कधी येतो, बुलडोझर कुणी धाडला, सगळं सांगा. भिंत आपली, तर तोंडही आपलंच!

जय भीम.