काळाविरुद्ध प्रवास

कालयंत्र म्हटले की वेल्सची १८९५ सालची कादंबरी आपणांस आठवते. तथापि तिच्या आठ वर्षे आधी, १८८७ साली, एन्रिके गास्पार या स्पॅनिश लेखकाची 'एल आनाक्रोनोपेते' ही कादंबरी बार्सिलोनात प्रसिद्ध झाली होती. गास्पार पेशाने वकिलातीतला अधिकारी. चीनमध्ये त्याने नोकरी केली. (सरकारी नोकराने फावल्या वेळी काय करावे, हा प्रश्न बराच जुना दिसतो!) त्याचे यंत्र म्हणजे विजेवर चालणारी अवाढव्य लोखंडी पेटी. ती पॅरिसहून उडते आणि भूतकाळात शिरते.

मला नवल वाटते ते पेटीचे नव्हे. यंत्र मागे जाऊ लागले की प्रवाशांचे वयही मागे जाते, माणसे तरुण होत होत बालवयाकडे सरकतात. त्यावर संशोधक डॉन सिंदुल्फो गार्सिया याने स्वतःच्याच नावाचा एक 'फ्लुइड' सिद्ध केला आहे. ती किमया ज्याच्यावर झाली, त्याचे वय जिथल्या तिथे राहते. आपल्या वैद्यांनी तिला वयःस्थापन म्हटले असते. वेल्सने या अडचणीला हातच घातलेला नाही.

मी अकरा वर्षांचा असताना माझे वडील गेले. ती किमया करून घेऊन मी मागे गेलो, तर चाळिशी उलटलेला परका गृहस्थ म्हणून ओटीवर उभा राहीन, ते अदबीने विचारतील, "आपण कोण?" न करून घेता गेलो, तर त्यांच्या मांडीशी बसेन, पण विचारायचे होते ते सारे बहुधा तोवर विसरलेला असेन.

तरीही निवड करायचीच झाली, तर मी त्या किमयेवाचूनच पेटीत बसेन.