बँक गॅरंटी आणि कोर्टाची मनाई

वडखळच्या नाक्यावर एक रस्ता अलिबागकडे वळतो आणि मुंबई-गोवा महामार्ग नागोठण्याकडे पुढे जातो. या महामार्गाच्या पनवेल ते इंदापूर या 84 किलोमीटरच्या रुंदीकरणाला 2011 मध्ये सुरुवात झाली, आणि ते इतकं लांबलं की पेण-वडखळच्या लोकांची दहा वर्षांहून अधिक काळ खड्ड्यांतून आणि धुळीतून सुटका झाली नाही. कुठलंही मोठं काम असं रखडलं की कंत्राटदार म्हणतो, जमीन वेळेवर मिळाली नाही. सरकारी खातं म्हणतं, कामच झालं नाही. आणि भांडण लवादाकडे जातं. निकाल लागेपर्यंत पैसा कोणाकडे राहणार, हे ठरवणारा कागद म्हणजे बँक गॅरंटी. ती वटवायला कोर्टाने मनाई करावी का? माझं उत्तर असं, की सहसा करू नये. पण गॅरंटीतला शब्दन् शब्द वाचल्याशिवाय नकारही देऊ नये.

काम घेताना कंत्राटदाराला अनामत द्यावी लागते. केंद्राच्या 2017 च्या वित्तीय नियमांत ती कंत्राटाच्या 5 ते 10 टक्के होती. कोरोनाच्या काळात, 2020 मध्ये, ती तात्पुरती 3 टक्क्यांवर आणली गेली. रोख अडकू नये म्हणून कंत्राटदार बँकेची हमी देतो आणि बँक त्यासाठी कमिशन घेते, मुदतठेवही अडकवून ठेवते. हमीत लिहिलेलं असतं, की मागणी येताच, वाद असला तरी, पैसे देऊ. खात्याने रोख सोडली ती याच वाक्याच्या भरवशावर. मागणीचं पत्र बँकेत पोचलं, की कंत्राटदार 1996 च्या लवाद कायद्याचं कलम 9 घेऊन कोर्टात धावतो. तिथे मनाई सहज मिळू लागली, तर त्या वाक्याला किंमत उरणार नाही, आणि उद्या प्रत्येक खातं रोखच मागेल. ती रोख उभी करणं छोट्या कंत्राटदारालाच सगळ्यात जड जाईल. म्हणून सर्वोच्च न्यायालयाने 1988 च्या सिंग कन्सल्टंट्स प्रकरणापासून दार अरुंद ठेवलं आहे. व्यवहाराच्या मुळाशीच घोर फसवणूक असेल, किंवा गेलेला पैसा परत मिळणं अशक्य असेल, तरच मनाई. या दुसऱ्या अपवादासाठी आपली कोर्टं अमेरिकेतल्या आयटेक कंपनीच्या इराणी क्रांतीनंतरच्या खटल्याचं उदाहरण घेतात. तेहरानमध्ये जाऊन दाद मागणं तेव्हा त्या कंपनीला शक्यच नव्हतं. कोरोनाचं कारणही पुरलं नाही. राजस्थानातल्या तेलविहिरींच्या कामात हॅलिबर्टन कंपनीला दिल्ली उच्च न्यायालयाने एप्रिल 2020 मध्ये तात्पुरती मनाई दिली, पण मेअखेर ती उठवली. कारण कामाची दिरंगाई टाळेबंदीच्या आधीपासूनची होती.

यावर आक्षेप येतो, आणि तो रास्त आहे. जमीन उशिरा देणारं खातंच गॅरंटी वटवतं, बँक ती रक्कम कंत्राटदाराच्या नावे टाकते, 90 दिवसांत ती भरली नाही तर त्याचं बँकेतलं कर्ज थकीत ठरतं, आणि लवादाचा निकाल लागेपर्यंत धंदा बुडालेला असतो. सरकार बुडत नाही, पैसा व्याजासह परत येईल, हे कोर्टाचं उत्तर कायद्याला धरून आहे. पण वेळेत परत आला तरच त्याला अर्थ. त्यासाठी लवाद लवकर नेमून घ्यावा, कलम 17 खाली त्याच्यापुढे तातडीची मागणी करावी. आणि कागद नीट वाचावा. वालचंद हिराचंदांनी 1926 मध्ये स्थापन केलेल्या मुंबईच्या हिंदुस्थान कन्स्ट्रक्शन कंपनीने 1999 मध्ये सर्वोच्च न्यायालयात बिहार सरकारविरुद्ध बाजी मारली ती अशीच. धरणाच्या कामासाठी मिळालेल्या आगाऊ रकमेची ती गॅरंटी वरवर बिनशर्त दिसत होती, पण कंत्राटातल्या कलमाशी बांधलेली होती. शिवाय ती मुख्य अभियंत्याने मागायची होती आणि पत्र दिलं कार्यकारी अभियंत्याने. कोणी याला पळवाट म्हणेल. मला तसं वाटत नाही. बँकेने अक्षरशः शब्द पाळावा असा आग्रह धरणाऱ्या सरकारने स्वतःही तो तसाच पाळला पाहिजे.

एका ठिकाणी मात्र मला न्यायालय फार कठोर वाटतं. 1997 च्या सुमॅक प्रकरणात गॅरंटी वटवणारं उत्तर प्रदेशचं साखर महामंडळ आजारी उद्योग म्हणून पुनर्रचना मंडळापुढे होतं, तरीही मनाई नाकारली गेली. सरकारी महामंडळापुरतं ते चालूनही जाईल. पण पेण-रोह्याचा पोटकंत्राटदार सरकारला नव्हे, वरच्या खासगी कंपनीला गॅरंटी देतो. ती कंपनी दिवाळखोरीच्या उंबरठ्यावर असेल, तर लवाद जिंकूनही त्याच्या हाती फक्त निकालाचा कागद येईल. अशा वेळी कोर्टाने गॅरंटी वटवू द्यावी, पण निकाल लागेपर्यंत ती रक्कम कोर्टात जमा करून घ्यावी.