पेटीच्या पट्टीवरून गिटारकडे

(डिंगोरे गावातील उन्हाळी व्याख्यानमालेत दिलेले व्याख्यान)



व्याख्यानमालेत शिवचरित्र होतं, संतसाहित्य होतं, कांद्याच्या भावावरही एखादी संध्याकाळ जाते. गिटारवर कोणी बोलायला उभं राहील अशी अपेक्षा नसते. गिटार हे कॉलेजच्या पोरांचं, शहरातलं, सिनेमातलं, असा एक समज आहे. माझं म्हणणं याच्या उलट आहे. डिंगोरे, उदापूर, ओतूर या पट्ट्यात जो मुलगा लहानपणापासून भजनाला बसतो, त्याला गिटार शहरातल्या मुलापेक्षा लवकर यायला हवी. प्रत्यक्षात तो दोन महिन्यांत सोडून देतो आणि गिटार माळ्यावर जाते. घरचे म्हणतात, याच्या अंगात संगीत नाही. मला ते पटत नाही. बहुतेक वेळा दोष वाद्यात असतो. आणि दुसरं म्हणजे, जे आपल्याला आधीच येतं तेच इथे लागतं, हे त्याला कोणी सांगितलेलं नसतं.

आधी हे दुसरं घेऊ. भजनी मंडळात पेटीवाला विचारतो, पट्टी कोणती? गाणारा सांगतो, काळी एक, किंवा काळी दोन. बायकांचं भजन असेल तर काळी चार, काळी पाच. ही भाषा इथल्या शाळकरी पोरालाही कळते. आता गिटारच्या सहा तारा पाहा. जाड तारेकडून बारीक तारेकडे जाताना त्या अशा लागतात: पांढरी तीन, पांढरी सहा, पांढरी दोन, पांढरी पाच, पांढरी सात आणि पुन्हा पांढरी तीन. सहाही तारा पांढऱ्या पट्ट्यांच्या. इंग्रजी अक्षरं पाठ करायची गरज नाही. पेटीवर पट्टी दाबून धरा आणि खुंटी फिरवत तार त्या स्वराला आणा. सप्तक वरखाली वाटलं तरी स्वर तोच आहे, हे तुमच्या कानाला कळतं.

मोबाइलमधला ट्युनर उत्तम काम करतो, मी नाही म्हणत नाही. पण देवळातली जुनी पेटी किंचित चढी किंवा उतरी असू शकते. भजनात बसायचं असेल तर गिटार पेटीला लावायची. फोन काय म्हणतो ते घरी गेल्यावर पाहा.

पहिल्या दिवशी डावा हात वापरूच नका, असं मी सांगतो. मधल्या तीन तारा, म्हणजे पांढरी दोन, पाच आणि सात, एकत्र छेडा. पांढरी पाच हा षड्ज धरला तर त्या प, सा आणि ग होतात. कुठेही न दाबता शुद्ध गंधाराचा सुंदर मेळ हाती आला. त्यावर सा लावून गाता येतं. पहिल्या पडद्यावर कॅपो, म्हणजे सगळ्या तारा एकदम दाबणारा चिमटा, लावला की तोच मेळ काळी चारला जातो. तिसऱ्या पडद्यावर लावला की काळी पाचला. बायकांच्या भजनाची सोय पहिल्याच दिवशी झाली.

पुरुषांसाठी आणखी एक युक्ती आहे. सगळ्यात जाड तार पांढरी तीनवरून एक स्वर उतरवून पांढरी दोनला आणा. खालच्या तीन तारा आता दोन, सहा, दोन झाल्या, म्हणजे सा, प, सा. तंबोऱ्याला जे लागतं त्याच्या अगदी जवळचं. कॅपो पहिल्या पडद्यावर लावला की काळी दोन. इतक्यावर एक अख्खा अभंग गाऊन पाहा. वरच्या तीन तारांना मात्र हात लावू नका, कारण त्यात मध्यम आणि धैवत आहेत आणि ते प्रत्येक अभंगाला चालतील असं नाही.

कोणी म्हणेल, हे परकं वाद्य देवळात कशाला? मग पेटीचं काय करायचं? हार्मोनियम पॅरिसमध्ये १८४०च्या दशकात तयार झाली. मांडी घालून, एका हाताने भाता मारत वाजवायचं रूप तिला कोलकात्याच्या द्वारकानाथ घोष यांनी दिलं. पुढे आकाशवाणीने १९४० मध्ये पेटीला बंदी घातली. तिला मींड काढता येत नाही, तिचे स्वर आपल्या श्रुतींशी जुळत नाहीत, असे आक्षेप होते. आक्षेप खोटे नव्हते. बंदी तीस वर्षांहून अधिक चालली आणि १९७१ मध्ये उठायला लागली. तेवढ्या काळात गावोगावच्या भजनात पेटी वाजत राहिली, आणि आज ती परकी आहे असं कोणाच्या मनातही येत नाही. ओतूरला बाबाजी चैतन्यांची समाधी आहे, तुकोबांच्या गुरूंची. त्यांच्या काळात पेटी नव्हतीच.

लग्नाच्या वरातीत, गणपतीच्या मिरवणुकीत वाजणारा बेंजो तर जपानचा. नागोयातल्या मोरिता गोरो या माणसाने १९१२ मध्ये टाइपरायटरसारखी बटणं लावून ते वाद्य तयार केलं. आपल्याकडे त्याला स्पीकर जोडून त्याची बेंजो पार्टी झाली. आणि गिटार तर आपण कित्येक दशकं ऐकतच आहोत. हिंदी सिनेमाच्या वाद्यवृंदात गोव्याच्या वादकांनी पाश्चात्त्य वाद्यं खोलवर रुजवली. 'दम मारो दम'मधली गिटार पुढे गझलगायक म्हणून नाव मिळवलेल्या भूपिंदर सिंग यांनी वाजवली आहे. पंडित ब्रिजभूषण काब्रा यांनी तर गिटार मांडीवर आडवी ठेवून, तारेवर पट्टी सरकवत राग वाजवले. १९६७च्या 'कॉल ऑफ द व्हॅली'मध्ये शिवकुमार शर्मा आणि हरिप्रसाद चौरसिया यांच्यासोबत तेच आहेत. तेव्हा परकेपणाचा मुद्दा मी इथेच सोडतो.

आता निवडीचं. यावर मी जरा जास्त बोलणार आहे, कारण पैसे इथे जातात आणि उमेदही इथेच जाते.

नवशिक्यासमोर दोन प्रकार येतात. एक नायलॉनच्या तारांची, क्लासिकल म्हणतात ती. तिचा आजचा आकार स्पेनमधल्या आल्मेरियाच्या अंतोनियो दे तोरेस या कारागिराने एकोणिसाव्या शतकात ठरवून दिला. तारा पूर्वी आतड्याच्या असत, नायलॉन १९४०च्या दशकात आलं. या तारा बोटाला मऊ लागतात, पण मान रुंद असते, वरच्या टोकाला साधारण ५२ मिलिमीटर. दुसरी पोलादी तारांची. तिची मान ४३-४४ मिलिमीटर, आवाज मोठा आणि बोटाला त्रासही मोठा. लहान हाताच्या मुलाला पोलादी तारांची पण आकाराने लहान गिटार घ्यावी. दुकानात पुढे ठेवलेली सगळ्यात मोठ्या पोटाची गिटार त्याच्या काखेत मावत नाही. एक इशारा: नायलॉनच्या गिटारला पोलादी तारा कधीही चढवू नका. पोलादी तारांच्या हलक्या संचाचाही एकत्रित ताण ७० किलोच्या आसपास असतो. नायलॉनची गिटार त्याच्या जवळपास निम्म्या ताणासाठी बांधलेली असते. घोडी उखडून हातात येईल.

दुकानात गेल्यावर रंग पाहू नका. बाराव्या पडद्याशी तार किती उंच आहे ते पाहा. खिशातली रुपयाची दोन नाणी एकावर एक ठेवा, साधारण तीन मिलिमीटर होतात. पोलादी तारांच्या गिटारची तार या उंचीच्या वर असेल तर ती गिटार नवशिक्याला रडवणार. बोट तारेत रुततं, स्वर लागत नाही, आणि मुलाला वाटतं आपल्याला जमत नाही. माळ्यावर गेलेल्या गिटारी उतरवून पाहिल्या तर बहुतेक अशाच निघतात. पुढची तपासणी कानाने करायची. तार मोकळी छेडा, मग बाराव्या पडद्यावर दाबून छेडा. बरोबर वरच्या सप्तकातला तोच स्वर यायला हवा. चढा किंवा उतरा आला तर ती गिटार कितीही लावा, बेसूरच बोलेल. प्रत्येक पडद्यावर प्रत्येक तार वाजवून खरखर ऐका. मान डोळ्यासमोर धरून सरळ आहे का पाहा. पडद्यांची टोकं तळहाताला टोचतात का तेही पाहा. सोबत भजनातला कोणी तरी घेऊन जा. त्याने आयुष्यात गिटार धरली नसली तरी चालेल, बेसूर त्याला लगेच कळतं.

उंची जास्त असली म्हणजे गिटार टाकाऊच असं नाही. घोडीवरची पट्टी घासून, मान कसून ती खाली आणता येते, त्याला सेटअप म्हणतात. मिरजेत तंबोरा तयार झाला की कारागीर घोडीवर जवारी लावत तासन् तास बसतो. ते काम झाल्याशिवाय वाद्य बोलत नाही, हे तिथे गिऱ्हाइकालाही ठाऊक असतं. शस्त्रांना धार लावणाऱ्या शिकलगारांनी तिथे ही कला वाढवली, आणि २०२४ मध्ये मिरजेच्या सतार-तंबोऱ्याला भौगोलिक मानांकन मिळालं. कारखान्यातून आलेल्या गिटारला हा शेवटचा हात कोणी लावलेला नसतो. म्हणून दुकानदाराला सांगा, सेटअप करून द्या, त्याचे वेगळे पैसे घ्या. पुण्यात हे होतं, मुंबईत होतं. धोबीतलावचं फुर्टाडोस १८६५ पासून पाश्चात्त्य वाद्यं विकतं आहे. ऑनलाइन मागवलेल्या गिटारला हे कोण करून देणार?

अस्सल अखंड लाकडाची महाग गिटार घ्या, असं पुस्तकी सल्ला देणारे सांगतात. इथे घेऊ नका. माळशेज घाटाजवळ पावसाळ्यात जी ओल असते तिने अखंड लाकडाचं पोट फुगतं आणि तारा उंच होतात. थरांच्या लाकडाची साधी गिटार ही ओल पुष्कळ बरी सोसते. आणि एप्रिल-मेमध्ये पत्र्याखाली किंवा बंद गाडीत गिटार ठेवू नका, डिंक सुटतो. वीज लागणारी इलेक्ट्रिक गिटार आपल्याकडच्या विजेच्या वेळापत्रकाला कशी जमणार, हे तुम्हीच सांगा.

शिकण्याचं मात्र थोडक्यात, कारण ते बोलून येत नाही. शेतकऱ्याच्या हाताला घट्टे असतात म्हणून बोटं दुखणार नाहीत, असं काहींना वाटतं. खुरप्या-फावड्याचा घट्टा तळहातावर असतो, गिटारला लागतो तो डाव्या हाताच्या बोटांच्या अगदी टोकाला. तिथे सगळे सारखेच कोवळे. रोज पंधरा मिनिटं वाजवा, आठवड्यातून एकदा दोन तास नको. बिबट्याच्या धास्तीने दिवेलागणीनंतर पोरं घराबाहेर पडत नाहीतच, ती वेळ चांगली. पडद्याच्या तारेवर बोट ठेवायचं नाही, तिच्या अलीकडे, अगदी लगत ठेवायचं. जोर निम्मा लागतो.

मेळ, म्हणजे कॉर्ड, तीन शिका. पांढरी एकला सा धरला तर सा-ग-प, म-ध-सा आणि प-नि-रे. यातला मधला, म्हणजे एफ, नवशिक्याला छळतो, कारण एका बोटाने सगळ्या तारा दाबाव्या लागतात. तो सोडा. पांढरी पाचचा सा धरा आणि तेच तीन मेळ तिथे घ्या: जी, सी, डी. आडवं बोट लागत नाही. बदल करताना ताल थांबवायचा नाही. बोटं चुकीच्या जागी पडली तरी उजवा हात चालू ठेवायचा.

उजव्या हाताची तयारी तुमची झालेलीच आहे. केरव्याच्या आठ मात्रा म्हणजे वर-खाली चार फेऱ्या, दादऱ्याच्या सहा म्हणजे तीन. जो मुलगा टाळ धरून तासभर लय सोडत नाही, त्याच्या मनगटात हे आहेच. शहरातल्या मुलाला मी महिनाभर हेच शिकवतो.

काय होणार नाही तेही सांगतो. भैरवीतल्या अभंगावर हे तीन मेळ लावाल तर कोमल स्वरांशी भांडण होईल. तिथे फक्त सा-प-सा धरा. मींड, आंदोलन या वाद्यातून काढायचं तर काब्रांची वाट धरावी लागते आणि ती वर्षांची आहे. पेटीची जागाही गिटार घेणार नाही, आवाज पखवाजाखाली दबतो. दोन-चार जणांच्या घरगुती भजनाला, मुलांच्या स्नेहसंमेलनाला, भारुडाला ती छान शोभते.

शेवटी एक सूचना मांडतो. पेटी, पखवाज, टाळ हे मंडळाचे असतात, कोणा एकाचे नसतात. मग प्रत्येक बापाने आपल्या पोरासाठी हलकी गिटार का घ्यावी? चार-पाच घरांनी मिळून एक बरी, सेटअप केलेली गिटार घ्या. सोबत एक कॅपो, तारांचा एक जादा संच आणि ओलीसाठी जाड पिशवी. पावसाळा संपला की तारा बदलायच्याच, गंजलेल्या तारेने बोट कापतं. गिटार देवळातल्या कपाटात पखवाजाशेजारी ठेवा आणि पोरांना वार वाटून द्या. कपाटाची किल्ली कोणाकडे राहील ते तुमचं तुम्ही ठरवा, त्या भांडणात मी पडत नाही.