युद्ध पुकारण्याचा अधिकार कोणाचा?

(पिंपरी येथे पक्षाच्या कार्यकर्त्यांपुढे झालेल्या भाषणाचा मजकूर)



युद्ध हा सेनापतींचा आणि मुत्सद्द्यांचा विषय आहे, कारखान्यातल्या कामगाराने त्यात लक्ष घालण्याचे कारण नाही, असा समज आपल्याकडे खोलवर रुजलेला आहे. वस्तुतः युद्धाला लागणारा दारूगोळा कामगार तयार करतो, त्याचा खर्च सामान्य नागरिक करांच्या रूपाने भरतो आणि सीमेवर देह ठेवणारा जवान बहुधा शेतकऱ्याच्या घरचा असतो. खडकीची अ‍ॅम्युनिशन फॅक्टरी, देहूरोडचा आयुध कारखाना, दिघीची संरक्षण संशोधन संस्था आणि त्यांच्या भोवती पिंपरीपासून चाकणपर्यंत पसरलेले छोटे-मोठे कारखाने ज्या पट्ट्यात आहेत, तेथील श्रमिकांनी तरी हा प्रश्न विचारलाच पाहिजे. देशाने युद्धात उतरावे की नाही, हे कायद्याने ठरवितो कोण?

हा प्रश्न या भूमीला नवा नाही. ब्रिटिश पार्लमेंटने १७७३ साली कायदा करून मुंबई व मद्रास येथील कंपनी सरकारांना कलकत्त्याच्या गव्हर्नर जनरलच्या संमतीवाचून युद्ध सुरू करण्यास मनाई केली होती. तरीही मुंबईकर इंग्रजांनी मार्च १७७५ मध्ये सुरतेस रघुनाथरावाशी परस्पर तह केला आणि पुणे दरबाराविरुद्ध लढाई उभी केली. कलकत्त्याने ती लढाई अनधिकृत ठरवून १७७६ साली पुरंदरचा तह केला. पण मुंबईकरांची हाव शमली नाही. राघोबाला गादीवर बसविण्यासाठी त्यांची फौज पुन्हा घाट चढून आली. महादजी शिंदे आणि नाना फडणीस यांनी ती मावळात अडविली. शत्रूला दाणावैरण मिळू नये म्हणून तळेगाव जाळण्यात आले. जानेवारी १७७९ मध्ये वडगाव येथे इंग्रजांनी हार मानून करार केला आणि फौज सुखरूप परतताच तो करार झिडकारला. सह्या करणाऱ्यांना तसा अधिकारच नव्हता, हे त्यांचे कारण! अधिकार नसताना युद्ध सुरू झाले आणि अधिकार नसताना तह झाला. पुढे १७८२ च्या सालबाईच्या तहापर्यंत लढाई चालूच राहिली. युद्धाचा अधिकार कोणाचा, या घोळाची किंमत तळेगावच्या रयतेने आपल्या घरादारांनी मोजली.

दुसरा दाखला १९३९ सालचा आहे. ३ सप्टेंबर १९३९ रोजी व्हाइसरॉय लॉर्ड लिनलिथगो यांनी हिंदुस्थान युद्धात सामील झाल्याचे जाहीर केले. मध्यवर्ती कायदेमंडळाला विचारले नाही, प्रांतोप्रांतीच्या लोकनियुक्त मंत्रिमंडळांना विचारले नाही. १९३५ च्या कायद्याने संरक्षण आणि परराष्ट्र व्यवहार हे विषय लोकप्रतिनिधींच्या हाती दिलेच नव्हते, म्हणून व्हाइसरॉयचे कृत्य कायद्याला धरूनच होते. तरीही ते अन्यायाचे होते, आणि म्हणूनच मुंबई प्रांतातील बाळासाहेब खेर यांच्या मंत्रिमंडळासह काँग्रेसच्या मंत्रिमंडळांनी त्या वर्षी राजीनामे दिले. ज्यांनी लढायचे आणि ज्यांनी मरायचे त्यांच्या प्रतिनिधींना विचारल्याशिवाय युद्ध नाही, हा त्या राजीनाम्यांचा अर्थ होता. स्वतंत्र भारताच्या घटनेने हे तत्त्व कितपत आत्मसात केले, हे आता पाहिले पाहिजे.

युद्ध पुकारण्याचा अधिकार अमक्याचा, असे सांगणारे एकही कलम आपल्या राज्यघटनेत नाही. सातव्या परिशिष्टातील केंद्राच्या सूचीत पंधराव्या क्रमांकाला 'युद्ध आणि शांतता' असे शब्द आहेत. याचा अर्थ एवढाच की, या विषयावर कायदा करण्याचा अधिकार संसदेचा आहे, राज्यांचा नाही. कलम ५३ अन्वये संरक्षण दलांचे सर्वोच्च आधिपत्य राष्ट्रपतींकडे आहे. कलम ७४ अन्वये राष्ट्रपती मंत्रिमंडळाच्या सल्ल्यानुसार वागतात. आणि कलम ७३ सांगते की, ज्या ज्या विषयांवर संसद कायदा करू शकते त्या त्या विषयांपर्यंत केंद्राची कार्यकारी सत्ता पोहोचते. त्या विषयावर आधी कायदा झालेलाच असला पाहिजे असे नाही, असा निर्णय सर्वोच्च न्यायालयाने १९५५ साली राम जवाया कपूर खटल्यात दिला. ही कलमे एकत्र वाचली म्हणजे निष्कर्ष उघड होतो. युद्ध सुरू करण्याची सत्ता मंत्रिमंडळाच्या हाती आहे आणि त्यासाठी संसदेची पूर्वसंमती घेण्याचे बंधन त्याच्यावर नाही.

याच्या शेजारी दुसरी एक गोष्ट ठेवून पाहावी. बेरुबारीचा भाग पाकिस्तानला देण्याचा करार सरकारने केला, तेव्हा देशाचा भूभाग परराष्ट्राला द्यायचा तर घटनादुरुस्तीच केली पाहिजे, असे सर्वोच्च न्यायालयाने १९६० साली सांगितले. बांगला देशाशी सीमेवरील वस्त्यांची अदलाबदल करण्यासाठीही २०१५ साली घटनादुरुस्ती करावी लागली. म्हणजे सलोख्याने एक खेडे द्यायचे तर संसदेत दोनतृतीयांश मते लागतात; लाखो सैनिक रणांगणावर धाडायचे तर साधा ठरावही लागत नाही.

संसदेच्या हाती पैशाची किल्ली आहे, असे यावर सांगितले जाते. कलम ११४ अन्वये संसदेच्या मंजुरीवाचून सरकारी तिजोरीतून पैसा निघत नाही, हे खरे आहे. परंतु सैन्य, शस्त्रे आणि दारूगोळा यांचा वार्षिक खर्च आधीच मंजूर झालेला असतो. संरक्षण खात्याच्या मागण्या अनेकदा चर्चेवाचूनच संमत होतात. युद्धाचा वाढीव खर्च पुरवणी मागणीच्या रूपाने येतो तेव्हा लढाई सुरू झालेली असते. जवान आघाडीवर असताना त्याची रसद तोडण्याचे मत कोणता सभासद देईल? ही किल्ली घटनेने संसदेला दिली खरी, पण प्रत्यक्षात ती फिरत नाही.

दुसरी वाट कलम ३५२ ची, म्हणजे आणीबाणीची. युद्ध किंवा परकीय आक्रमण यांमुळे देशाच्या सुरक्षिततेस धोका असेल तर राष्ट्रपती आणीबाणी जाहीर करू शकतात आणि त्या घोषणेला मात्र संसदेची संमती लागते. आणीबाणीची घोषणा म्हणजे युद्धाची घोषणा नव्हे. युद्ध आणीबाणीवाचून होऊ शकते आणि आणीबाणी युद्ध संपल्यावरही राहू शकते. या फरकाचा फटका श्रमिकांना किती बसला, ते इतिहासाच्या आधारे सांगता येते.

चिनी आक्रमणाच्या वेळी २६ ऑक्टोबर १९६२ रोजी आणीबाणी जाहीर झाली. लढाई महिन्याभरात थांबली, पण आणीबाणी उठली ती १० जानेवारी १९६८ रोजी. मधल्या काळात भारत संरक्षण नियमांचा उपयोग कशासाठी झाला? जानेवारी १९६३ मध्ये त्याच नियमांखाली सुवर्णनियंत्रण आले. चौदा कॅरटहून अधिक कसाचे दागिने घडविण्यास बंदी झाली आणि गावोगावच्या सोनारांच्या शेगड्या विझल्या. चीनशी लढण्यासाठी घेतलेला अधिकार सोनाराच्या पोटावर चालला!

पाकिस्तानी विमानांनी हल्ला केल्यावर ३ डिसेंबर १९७१ रोजी पुन्हा आणीबाणी जाहीर झाली. १६ डिसेंबरला ढाक्यात पाकिस्तानी सैन्याने शरणागती पत्करली. आणीबाणी मात्र २७ मार्च १९७७ पर्यंत जिवंत राहिली. मे १९७४ मध्ये जॉर्ज फर्नांडिस यांच्या नेतृत्वाखाली रेल्वे कामगारांचा देशव्यापी संप झाला, तेव्हा तो बेकायदा ठरविण्यासाठी आणि कामगारांना तुरुंगात डांबण्यासाठी वापरले गेले ते याच युद्धकाळातील भारत संरक्षण नियम. रेल्वे कामगार काही पाकिस्तानच्या बाजूने लढत नव्हते. ते पगारवाढ, बोनस आणि कामाचे ठराविक तास मागत होते. जून १९७५ मध्ये अंतर्गत अशांततेच्या नावाखाली दुसरी आणीबाणी लादली गेली, तेव्हा पहिली अद्याप चालूच होती, हे पुष्कळांच्या ध्यानात राहत नाही.

जनता राजवटीत १९७८ साली झालेल्या चव्वेचाळिसाव्या घटनादुरुस्तीने या अनुभवातून धडा घेतला. आणीबाणीसाठी मंत्रिमंडळाचा लेखी निर्णय, एका महिन्याच्या आत दोन्ही सभागृहांची विशेष बहुमताने संमती आणि दर सहा महिन्यांनी पुन्हा संमती अशी बंधने घातली गेली. जीविताचा हक्क आणीबाणीतही निलंबित होणार नाही, हे निश्चित झाले. तरीही युद्धाच्या आणीबाणीत कलम १९ चे, म्हणजे भाषणाचे, सभेचे आणि संघटना करण्याचे संरक्षण आजही दूर सारले जाऊ शकते, हे कामगार चळवळीने विसरू नये.

परंतु खरी मेख पुढेच आहे. १९७१ नंतर परकीय आक्रमणाच्या कारणास्तव आणीबाणी जाहीरच झालेली नाही. १९८७ साली श्रीलंकेशी करार होताच तेथे फौज रवाना झाली. १९९० साली ती परतली तोवर हजाराहून अधिक भारतीय सैनिकांनी प्राण गमावले होते. १९९९ साली कारगिलची लढाई झाली तेव्हा लोकसभा विसर्जित होती आणि काळजीवाहू सरकार सत्तेवर होते. राज्यसभेचे अधिवेशन बोलवा, अशी विरोधी पक्षांची मागणी होती. ती मान्य झाली नाही. पहलगाम येथील हत्याकांडानंतर ७ मे २०२५ रोजी सैनिकी कारवाई सुरू झाली आणि १० मे रोजी थांबली. विशेष अधिवेशनाची मागणी तेव्हाही झाली. चर्चा झाली ती जुलैच्या अखेरीस, पावसाळी अधिवेशनात. या कारवाया योग्य होत्या की अयोग्य, हा येथे मुद्दा नाही. आणीबाणी टळल्याने नागरिकांचे हक्क शाबूत राहिले, ही तर समाधानाचीच गोष्ट आहे. मुद्दा हा की, संसदेच्या संमतीचे बंधन घटनेने ज्या एकाच दरवाजावर ठेवले, त्या दरवाजाने आता कोणी जातच नाही.

इतर लोकशाही देशांतही हा झगडा चालू आहे. अमेरिकेच्या घटनेने युद्ध पुकारण्याचा अधिकार काँग्रेसला दिला. पण रीतसर घोषणा १९४२ नंतर झालेली नाही. कोरिया आणि व्हिएतनाम घोषणेवाचून लढले गेले. त्यावर उपाय म्हणून १९७३ साली कायदा होऊन अध्यक्षांवर साठ दिवसांची मर्यादा आली, तीही अध्यक्षांनी वेळोवेळी धुडकावली. ब्रिटनमध्ये हा अधिकार राजसत्तेच्या नावाने मंत्रिमंडळ वापरते. तरी ऑगस्ट २०१३ मध्ये सीरियावरील कारवाईचा प्रस्ताव कॉमन्स सभेने २८५ विरुद्ध २७२ मतांनी फेटाळला आणि पंतप्रधानांनी तो निर्णय मानला. लोकप्रतिनिधींनी नाही म्हटल्याने ब्रिटन काही बुडाले नाही.

शत्रू दाराशी आला असता चर्चा कसली करायची, हा आक्षेप ऐकू येईल. त्याला आपल्याच इतिहासाचे उत्तर आहे. ३ डिसेंबर १९७१ च्या संध्याकाळी हल्ला झाला आणि ४ डिसेंबरला लोकसभेत पंतप्रधान निवेदन करीत होत्या. १९६२ साली अधिवेशन आधी बोलावून ८ नोव्हेंबरला सुरू करण्यात आले. त्याच्या आदल्या दिवशी कृष्ण मेनन यांना मंत्रिमंडळातून जावे लागले आणि पुढे यशवंतराव चव्हाण संरक्षणमंत्री झाले. हल्ल्याची वेळ आणि जागा गुप्त ठेवावी लागते. युद्धाचा हेतू गुप्त ठेवण्याचे कारण नाही. दुसरा आक्षेप अधिक वजनदार आहे. १९८५ च्या पक्षांतरबंदी कायद्यानंतर सभासद पक्षादेशाने बांधलेला आहे, तेव्हा बहुमतवाल्या सरकारला संमती मिळणारच. ते खरे मानले तरी सरकारला कारणे सांगावी लागतील, खर्चाचा आकडा मांडावा लागेल आणि ते सारे कामकाजात नोंदले जाईल. शिवाय युद्धाच्या प्रश्नावर पक्षादेश काढू नये, असा आग्रह धरता येतो.

गोव्याच्या मुक्तीसाठी १९५५ साली सेनापती बापट आणि नानासाहेब गोरे यांच्याबरोबर सत्याग्रहात उतरलेल्या समाजवादी परंपरेला देशरक्षणाचे महत्त्व कोणी शिकवू नये. मागणी एवढीच आहे की, संसदेने 'युद्ध आणि शांतता' या विषयावरील आपला अधिकार वापरून कायदा करावा. घटनादुरुस्तीची गरज नाही. सैन्याचे आधिपत्य कायद्याने नियंत्रित व्हावे, असे कलम ५३ च सांगते. देशाबाहेर सैन्य वापरल्यापासून सात दिवसांत संसद भरलीच पाहिजे आणि लोकसभा विसर्जित असेल तर राज्यसभा भरली पाहिजे. तीस दिवसांत संमती मिळाली नाही तर कारवाई आवरती घेतली पाहिजे. खर्चाचा हिशेब दर तीन महिन्यांनी मांडला पाहिजे. आणि युद्धाच्या कारणाने कामगारांवर घातलेले प्रत्येक बंधन लढाई थांबताच आपोआप संपले पाहिजे.

या शेवटच्या अटीचे महत्त्व या पट्ट्याला वेगळे सांगण्याची गरज नाही. २०२१ साली आयुध कारखान्यांची कंपन्यांत विभागणी होत असताना, देश कोणाशीही युद्ध करीत नव्हता. तरीही संरक्षण उत्पादनातील संप बेकायदा ठरविणारा अध्यादेश निघाला आणि मागाहून संसदेने त्याचा कायदा केला. तेव्हा ही मागणी पक्षाच्या जाहीरनाम्यापुरती ठेवून चालणार नाही. खडकीच्या, देहूरोडच्या आणि चाकणच्या कामगार संघटनांनी ती आपल्या ठरावांत घातली पाहिजे आणि मत मागायला येणाऱ्या प्रत्येक उमेदवाराकडून तिच्यावर स्पष्ट उत्तर घेतले पाहिजे.