हप्ता थकला म्हणजे गुन्हा नाही
(प्रभागसंघाच्या वार्षिक सर्वसाधारण सभेत आपल्या एका सीआरपी ताईंनी केलेले भाषण)



बचत किती, वसुली किती, ते सचिव ताई सांगतीलच. मी आज आमच्या गटातल्या एका बाईचं सांगणार आहे. तिला विचारूनच सांगते. ती म्हणाली, "नाव घेऊ नका, पण सांगा. माझ्यावर आलं ते दुसरीवर नको."

2019 साली तिला घरकुल मंजूर झालं. 1 लाख 20 हजारात घर कुठं पुरं होतं? भिंती उभ्या राहिल्या, स्लॅबला पैसा उरला नाही. म्हणून खाजगी फायनान्स कंपनीचं कर्ज काढलं. मालक गवंडीकाम करतात, हप्ता जाईल असं वाटलं. मार्च 2020 मध्ये लॉकडाऊन लागला आणि काम बंद. रिझर्व्ह बँकेनं मार्च ते ऑगस्ट हप्ता पुढं ढकलायची सवलत दिली होती. आपल्याला वाटलं हप्ते माफ झाले. पण व्याज चालूच होतं! पुढं घराचा हप्ता भरायला तिनं मायक्रोफायनान्सचं कर्ज घेतलं, ते फेडायला आणखी एक. गटात मात्र एक शब्द बोलली नाही.

एका संध्याकाळी वसुलीवाला आला, सोबत त्याच्या ओळखीचा पोलीस. मालकाला चौकीत नेलं. कागद नाही, तक्रार नाही. रात्री दहापर्यंत बसवून ठेवलं, कानाखाली मारली, कोऱ्या कागदावर सही घेतली. माणूस चार दिवस जेवला नाही, कुणाशी बोलला नाही. मग ती रडत माझ्याकडे आली.

दुसऱ्या दिवशी आम्ही 11 जणी चौकीत गेलो. खरं सांगते, माझे पाय लटपटत होते. एकच विचारलं, "साहेब, कोणत्या गुन्ह्यात आणलं होतं, तेवढं लिहून द्या." कुणी लिहून दिलं नाही. लिहिणार काय? गुन्हा नव्हताच. मग पोलीस अधीक्षकांना लेखी अर्ज दिला, पोच घेतली. तालुका विधी सेवा समितीकडून फुकट वकील मिळाला. कंपनीनं मुदत वाढवून हप्ता कमी केला. घर राहिलं. त्या थपडेची चौकशी मात्र अजून "सुरू आहे".

मी वकील नाही. पण त्या धावपळीत जे शिकले ते सांगते, लिहून घ्या.

पहिलं. कर्ज थकणं हा दिवाणी मामला आहे. पोलिसांनी वसुली करायची नसते. पण सही केलेला चेक दिला आणि तो वटला नाही, तर फौजदारी खटला होऊ शकतो. म्हणून कोरा चेक, कोरा कागद कुणाला देऊ नका. आणि कोर्टाचं समन्स आलं तर ते टाळू नका.

दुसरं. घर तारण असेल तर थकल्यावर बँक 60 दिवसांची लेखी नोटीस देते. ती चुलीत घालू नका, मुदतीत उत्तर द्या. पुढं पोलीस घराचा ताबा द्यायला आले, तर आधी आदेशाचा कागद मागा.

तिसरं. मायक्रोफायनान्सच्या वसुलीसाठी सकाळी 9 च्या आधी आणि संध्याकाळी 6 नंतर फोन करायचा नाही, शिवीगाळ, धमकी नाही, नातेवाइकांना त्रास नाही. हा रिझर्व्ह बँकेचा 2022 चा नियम आहे. आधी कंपनीकडं लेखी तक्रार करा. दाद मिळाली नाही तर रिझर्व्ह बँकेचा क्रमांक 14448.

चौथं. अटक करताना पोलिसाच्या छातीवर नावाची पट्टी हवी, अटकेचा कागद हवा, घरच्यांना कळवायला हवं. हे सर्वोच्च न्यायालयानं 1996 सालीच सांगितलंय. 24 तासांच्या आत न्यायदंडाधिकाऱ्यापुढं उभं करावं लागतं. बाईला सूर्यास्तानंतर अटक करता येत नाही. अगदी अपवाद असेल तर महिला अधिकारी आणि न्यायदंडाधिकाऱ्यांची आधी परवानगी लागते. मारायचा अधिकार तर कुणालाच नाही. बाईला, तिचं उत्पन्न कितीही असो, वकील फुकट मिळतो. क्रमांक 15100.

आता शेवटचं, आणि हे जरा कडू आहे. ती बाई आधी आपल्याकडं का आली नाही? मी विचारलं. म्हणाली, "ताई, मागच्या वर्षी एकीचा हप्ता थकला तेव्हा आपण सगळ्या तिच्या दारात जाऊन बसलो होतो. मी पण होते. मला तेच आठवलं."

माझी मान खाली गेली. वसुलीवाल्यानं पोलीस नेला, आपण गट नेला. तिच्या दारात लाज तीच ना? हप्ता वेळेवर यायला पाहिजे, त्याशिवाय गट टिकत नाही. पण हप्ता मागायच्या आधी "घरी काय अडचण आहे?" हे विचारायला पैसे पडत नाहीत.

म्हणून माझी विनंती आहे. प्रत्येक गटानं ठराव करावा. थकलेल्या बाईचं नाव चारचौघात घ्यायचं नाही. आधी दोघींनी घरी जाऊन ऐकायचं, मग हप्ता बांधून द्यायचा. आणि कुणाच्या दारात पोलीस आला, तर त्या रात्रीच निघायचं. आम्ही एक दिवस उशिरा गेलो. तुम्ही जाऊ नका.