जिजाईचे काम करणारी गौरी

(रायगड किनाऱ्यावरच्या महिला मंडळांच्या शिबिरात केलेल्या भाषणाचा मजकूर)



काल रात्री आपण ‘संत तुकाराम’ पाहिला. प्रभातचा, 1936 सालचा. दामले आणि फत्तेलाल यांचा. मुंबईत तो वर्षाहून अधिक काळ चालला, 1937 मध्ये व्हेनिसच्या महोत्सवात त्याचा गौरव झाला. तुकारामाचे काम करणारे विष्णुपंत पागनीस आजही लोकांच्या लक्षात आहेत. मला बोलायचे आहे ते जिजाईचे काम करणाऱ्या बाईबद्दल.

तिचे नाव गौरी. आडनाव नाही, वडिलांचे नाही, नवऱ्याचे नाही. चित्रपटाच्या इतिहासात तिची नोंद एवढीच. प्रभातच्या आणखी काही चित्रपटांत ती दिसली, पण आठवते ती जिजाईच. शांता आपटेने पुस्तक लिहिले, हंसा वाडकरांची आत्मकथा घराघरांत वाचली गेली. गौरीला आपण ऐकतो ते फक्त जिजाईच्या तोंडून.

एक गंमत सांगते. 1913 मध्ये फाळक्यांच्या ‘राजा हरिश्चंद्र’मध्ये तारामतीचे काम अण्णा साळुंके या पुरुषाने केले होते, कारण बाई मिळेना. त्याच वर्षी ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमलाबाई कॅमेऱ्यासमोर उभ्या राहिल्या. पागनीससुद्धा रंगभूमीवर स्त्रीभूमिकांसाठीच नावाजलेले. म्हणजे काल पडद्यावर बाईचे सोंग सजवण्यात मुरलेला एक पुरुष संत झाला होता, आणि समोर साक्षात बाई भांडत होती. फरक दिसतो की नाही? गौरीच्या जिजाईत सजवलेले काही नाही. ती म्हशीजवळ जाते ती रोज जाणाऱ्या बाईसारखी. पोरांवर ओरडते आणि त्याच दमात त्यांना जवळ घेते. मूल आजारी पडते तेव्हा हातात वहाण घेऊन ती देवळात देवाला जाब विचारायला जाते. शिवाजी महाराजांकडून आलेले दागिने, कपडे बघून ती आणि पोरे हरखतात, आणि तुकाराम ते परत पाठवतो. त्या वेळचा तिचा चेहरा आठवा.

लहानपणी हा चित्रपट पाहिला तेव्हा मी जिजाईला हसले होते. कजाग बायको, एवढेच कळले. पुढे समाजकार्याचे एम.ए. केले, या किनाऱ्यावर काम करू लागले, तरी ते हसणे पुरते गेले नव्हते. हे मला कबूल केलेच पाहिजे.

आपल्या केंद्रात एक मासेविक्रेती येत असे. पहाटे बंदरावर लिलावाला, मग पाटी घेऊन रेवदंड्याच्या बाजारात. नवरा निर्व्यसनी, माळकरी. मारहाण नाही. गावाच्या प्रत्येक कामाला पुढे, कुणी मागितले तर खिशातले देऊन टाकणारा. पैसे मात्र तिच्या पाटीचे. मुलीची फी दोनदा अशीच गेली. गाव म्हणे, एवढा देवमाणूस आणि ही भांडते. मी तिच्या कागदावर लिहिले होते, “पत्नीने समजुतीने घ्यावे.” दारू नाही, मार नाही, मग ही तक्रार कुठल्या रकान्यात घालायची हेच मला समजले नव्हते!

काल ती तुमच्यातच बसली होती. शेवटी तुकाराम वैकुंठाला निघतो, जिजाईला चल म्हणतो, आणि ती घरातच राहते. पोरांचे कोण करणार? विमान वर गेले तेव्हा काहींनी हात जोडले. ही बाई मोठ्याने म्हणाली, “तो गेला. उद्याचा तांदूळ कोन आननार?” सगळ्या हसल्या. मीही हसले, पण या वेळी जिजाईला नाही.

संतांवर टीका करायला मी उभी नाही. दामले-फत्तेलाल यांनी भक्तीचा चित्रपट काढला, आणि तरीही जिजाईला खोटे पाडले नाही, हे त्यांचे मोठेपण. पण त्यांनी दिलेली जागा गौरीने जशी भरली, तशी ती भरली नसती तर जिजाई केवळ विनोदापुरती उरली असती. भक्तीच्या कथेत तांदळाचा प्रश्न तिने जिवंत ठेवला. जवळजवळ नव्वद वर्षांनी आपल्या एका मैत्रिणीने तो ओळखला, कुणी समजावून न सांगता.

आज सकाळी मी त्या कागदावरचे माझे वाक्य खोडले. तिला विचारून खाली लिहिले, “घरखर्च आणि मुलीची फी यांचा हिशेब नवऱ्यासमोर मांडणे.” येत्या मंगळवारी त्याला केंद्रात बोलावले आहे. ज्यांना जमेल त्यांनी या. बाजार उठल्यावर, चारच्या सुमारास.