दानीएलाचे न्यायासन कोठे गेले?

मागच्या पावसाळ्यात एका माध्यमिक शाळेतील इंग्रजीच्या शिक्षकांचे मला पत्र आले. वर्गात ते शेक्सपिअरचे ‘मर्चंट ऑफ व्हेनिस’ शिकवीत होते. न्यायालयाच्या प्रवेशात वकिलाच्या वेषात आलेल्या पोर्शियाला शायलॉक आनंदाच्या भरात ‘दानीएल’ म्हणतो, आणि डाव उलटल्यावर ग्रॅशियानो तेच नाव शायलॉकच्या तोंडावर फेकतो. मुलांनी विचारले, “गुरुजी, हा दानीएल कोण?” गुरुजी साक्षेपी. त्यांनी शेजारच्या ख्रिस्ती गृहस्थांकडून मराठी बायबल मागून आणले आणि दानीएलाचे पुस्तक, बाराच्या बारा अध्याय, वाचून काढले. सिंहांची गुहा सापडली, अग्नीची भट्टी सापडली, राजाची स्वप्ने सापडली. पण न्यायनिवाडा काही सापडेना.

मग त्यांनी चौकशी केली. शेजारी म्हणाले, “ती गोष्ट आमच्या शास्त्रात नाही. रोमन मंडळींनी मागाहून घुसडलेली ती पुस्तके.” दवाखान्यातील परिचारिकाबाई कॅथलिक. त्या म्हणाल्या, “घुसडली कुठली? त्यांनीच आपल्या बायबलातली पाने काढून टाकली.” पत्राच्या शेवटी गुरुजींनी लिहिले होते : “दोघेही भली माणसे आहेत, दोघांशी माझा घरोबा आहे. मुलांना मी काय सांगू?”

गुरुजींना दिलेले उत्तरच थोडे विस्ताराने तुमच्यापुढे ठेवतो. कारण ज्या गावात दोन्ही पंथांची घरे आहेत, तेथे हा प्रश्न कधी ना कधी निघतोच. आणि बहुधा तो लग्नाच्या किंवा मयताच्या वेळी निघतो, म्हणजे अगदी नको त्या वेळी.

आधी ती गोष्ट. बाबिलोनात योयाकीम नावाचा श्रीमंत यहुदी राहत होता. त्याची पत्नी सुसान्ना रूपाने देखणी आणि मनाने देवभीरू. त्या वर्षी न्याय देण्यासाठी नेमलेले दोन वडीलधारे पंच योयाकीमच्या घरी येत-जात. दोघांचीही नजर फिरली. एके दुपारी ती बागेत स्नानाला गेली असता ते लपून बसले आणि तिला म्हणाले, “आमचे ऐक, नाहीतर एका तरुणाबरोबर तुला पाहिले अशी साक्ष आम्ही देऊ.” तिने ओरडून माणसे जमवली. दुसऱ्या दिवशी पंचांनी ठरल्याप्रमाणे साक्ष दिली. पंचांचा शब्द, त्याच्यापुढे बाईमाणसाचे कोण ऐकतो? तिला मरणाची शिक्षा झाली. तिला नेत असता दानीएल नावाचा एक कोवळा पोरगा पुढे झाला आणि म्हणाला, या दोघांना एकमेकांपासून दूर उभे करा. मग एकेकाला त्याने एकच प्रश्न विचारला : त्यांना तू कोणत्या झाडाखाली पाहिलेस? एकाने एक झाड सांगितले, दुसऱ्याने दुसरेच. साक्ष तेथल्या तेथे फुटली. सुसान्ना सुटली आणि तिच्यासाठी ठरलेली शिक्षा पंचांना झाली.

शायलॉकच्या तोंडी आहे तो हा दानीएल. शेक्सपिअरच्या काळी इंग्लंडातील देवळांत वाचले जाणारे बायबल या गोष्टीसह छापलेले असे. त्याच्या थोरल्या मुलीचे नाव सुसान्ना आणि धाकटीचे ज्युडिथ. ज्युडिथ हे नाव तर अशाच दुसऱ्या एका पुस्तकाचे आहे.

आता ही पुस्तके आली कोठून ते पाहू. ख्रिस्ताच्या आधी दोन-तीन शतके इजिप्तमधील आलेक्झांड्रिया शहरात यहुद्यांची मोठी वस्ती होती. ते ग्रीक बोलत. त्यांच्यासाठी हिब्रू शास्त्राचे ग्रीक भाषांतर झाले. त्या काळी बांधीव पुस्तक नव्हते. प्रत्येक ग्रंथाची निराळी गुंडाळी. जुन्या शास्त्राच्या गुंडाळ्यांशेजारी आणखीही काही गुंडाळ्या ठेवल्या जात : तोबीत, ज्युडिथ, सिराकपुत्राची बोधवचने, शलमोनाच्या नावाचा ज्ञानग्रंथ, मक्काबी बंधूंच्या लढ्याचा इतिहास, बारूखचे पुस्तक, आणि एस्तेर व दानीएल यांच्या पुस्तकांतील काही जादा प्रकरणे. पहिले ख्रिस्ती लोक बहुतेक ग्रीक वाचणारे. त्यांनी ही सगळी पेटी उचलली. यहुदी पंडितांनी पुढे आपली यादी हिब्रू ग्रंथांपुरती आवळून घेतली. म्हणजे ‘मागाहून घुसडली’ हे शेजाऱ्यांचे म्हणणे टिकत नाही. ही पुस्तके बहुतेक सगळी ख्रिस्ताच्या जन्माआधीची आहेत.

पण शंका मात्र पहिल्यापासून होती, आणि ती ख्रिस्ती विद्वानांनाच होती. तिसऱ्या शतकाच्या मध्यास ज्यूलियस आफ्रिकानस नावाच्या पंडिताने ओरिगेन या मोठ्या आचार्याला एक पत्र लिहिले. विषय होता हीच सुसान्नेची गोष्ट. तो म्हणाला, त्या दोन झाडांकडे पाहा. ग्रीकमध्ये पहिल्या झाडाचे नाव आणि ‘चिरणे’ हे क्रियापद यांचा उच्चार जवळचा आहे. दुसऱ्या झाडाचे नाव आणि ‘करवतणे’ यांचा जवळचा आहे. आणि दानीएल पंचांना शाप देताना नेमकी तीच क्रियापदे वापरतो. आपल्या भाषेत सांगायचे तर असे : “चिंचेखाली पाहिलेस? मग देवदूत तुझ्या चिंधड्या करील! करवंदीखाली पाहिलेस? मग तो तुला करवतीने कापील!” आता ही कोटी मराठीतच जमते. कोणी ती इंग्रजीतून आली असे म्हणू लागला तर आपण हसू. त्याच न्यायाने आफ्रिकानस म्हणाला, ही गोष्ट मुळात ग्रीकमध्ये रचलेली आहे. हिब्रू दानीएलात ती कधी नव्हती.

मला या पत्राचे फार कौतुक वाटते. छापखाना नाही, कोश नाही. आणि सतराशे वर्षांपूर्वीचा हा माणूस नुसत्या एका कोटीवरून ग्रंथाची मूळ भाषा ओळखतो. ओरिगेनने उत्तर दिले, तेही त्याच्या परीने योग्यच होते. तो म्हणाला, त्या झाडांची हिब्रू नावे मी अनेक यहुद्यांना विचारली, त्यांना निश्चित सांगता आले नाही. पण मंडळ्यांतून जे इतकी वर्षे वाचले जात आहे ते आपण काढून टाकायचे काय? वाडवडिलांनी घातलेला बांध सरकवू नये, अशा अर्थाचे शास्त्रवचनही त्याने पुढे केले. एकाची नजर मुळावर, दुसऱ्याची वाचणाऱ्या मंडळीवर. हा वाद पुढे हजारो पानांत वाढला. पण त्याचा गाभा या दोन पत्रांत आलेला आहे.

चौथ्या शतकात एक मधली वाट निघाली. आलेक्झांड्रियाचे बिशप अथानासियस यांनी ३६७ साली ईस्टरच्या पत्रात ग्रंथांची यादी दिली. नव्या कराराची जी सत्तावीस पुस्तके आज सगळे मानतात, ती नेमकी त्या यादीत आहेत. प्रमाणग्रंथांनंतर त्यांनी आणखी काही नावे दिली, त्यांत ज्युडिथ, तोबीत आणि सिराकपुत्र आहेत : ही प्रमाणात नाहीत, पण नव्याने धर्मात येणाऱ्यांनी वाचावीत अशी आहेत. आणि यांहून निराळी, टाळावीत अशी तिसरी पुस्तके. फळ्या दोन नव्हेत, तीन.

त्याच शतकाच्या अखेरीस बेथलेहेमात बसून लॅटिन भाषांतर करणाऱ्या जेरोमनेही हेच धरले. ही पुस्तके लोकांच्या उन्नतीसाठी चर्चने वाचावीत, सिद्धांत ठरवण्यासाठी त्यांचा आधार घेऊ नये, असे त्याने लिहून ठेवले. तोबीतचे भाषांतर तर त्याने दोन बिशपांच्या आग्रहाखातर एका दिवसात उरकले! सुसान्नेची गोष्ट त्याने दानीएलाच्या शेवटी नेऊन ठेवली आणि संशयाची खूण केली, पण गाळली नाही. संत ऑगस्टीनला मात्र हा भेद मान्य नव्हता. ३९३ साली हिप्पो आणि ३९७ साली कार्थेज येथे भरलेल्या धर्मसभांनी ही पुस्तके बाकीच्यांच्या पंक्तीला बसवली. पुढली हजार-अकराशे वर्षे जेरोमचे मत आणि ऑगस्टीनची यादी दोन्ही शेजारी शेजारी नांदली. कोणाला घाई नव्हती.

घाई झाली ती मृतांसाठीच्या प्रार्थनेवरून. मक्काबींच्या दुसऱ्या पुस्तकात एक प्रसंग आहे. लढाईत पडलेल्या आपल्या शिपायांच्या अंगरख्यांखाली यहूदा मक्काबीला परक्या दैवतांचे ताईत सापडतात. तो वर्गणी गोळा करून या मेलेल्यांच्या पापासाठी यरुशलेमेत अर्पण पाठवतो. १५१९ साली लाइप्झिगच्या वादसभेत योहान एक या पंडिताने ल्यूथरपुढे हाच आधार ठेवला. ल्यूथर म्हणाला, हे पुस्तक प्रमाणात नाही, त्याने सिद्धांत सिद्ध होत नाही. म्हणजे जेरोमचाच मुद्दा. फक्त आता त्याला धार आली. ट्रेंटच्या धर्मसभेने ८ एप्रिल १५४६ रोजी उलट ठराव केला : ही पुस्तके पूर्णपणे शास्त्र आहेत, आणि जो न मानील तो बहिष्कृत.

पण हे लक्षात घ्या की ल्यूथरने ती फेकली नाहीत. १५३४ च्या त्याच्या जर्मन बायबलात ती दोन्ही करारांच्या मध्ये आहेत. शास्त्राच्या बरोबरीची नव्हेत, पण वाचायला उपयुक्त व चांगली, असे वर लिहिलेले आहे. इंग्लंडच्या चर्चने जेरोमचे नाव घेऊन तेच म्हटले. १६११ च्या प्रसिद्ध इंग्रजी बायबलात ती होती, आणि १६१५ साली तर आर्चबिशप ॲबट यांनी ती वगळून बायबल विकणाऱ्याला वर्षाच्या कैदेची तंबी दिली होती.

मग ती गेली कशी? काही अंशी कडव्या सुधारकांमुळे. १६४७ च्या वेस्टमिन्स्टरच्या धर्मनिवेदनाने त्यांना इतर कोणत्याही मानवी लिखाणाइतकीच किंमत दिली. पण घराघरांतून ती नाहीशी झाली ती बायबल सोसायट्यांच्या छपाईमुळे. १८०४ साली लंडनमध्ये स्थापन झालेल्या सोसायटीत स्कॉटलंडच्या वर्गणीदारांनी हट्ट धरला : आमच्या पैशाने ही पुस्तके छापायची नाहीत. बरेच भांडण होऊन १८२६ साली तसा नियम झाला. पुस्तक लहान झाले, स्वस्त झाले. आणि त्याच स्वस्त रूपात ते जगभर गेले. सोसायटीच्या आश्रयाने छापलेली मराठी बायबले याच नियमाखाली वाढली. गुरुजींच्या शेजाऱ्यांचे बायबल सहासष्ट पुस्तकांचे आणि परिचारिकाबाईंचे त्र्याहत्तर पुस्तकांचे, यामागे एवढे सगळे आहे. बाईंचे ‘पाने काढली’ हे म्हणणेही अर्धेच खरे. ती पाने तीनशे वर्षे दोघांकडेही होती.

माझे स्वतःचे मत विचाराल तर या व्यवहारात तोटा झाला तो मधल्या फळीचा. ‘प्रमाण’ आणि ‘त्याज्य’ एवढेच दोन शब्द उरले, आणि ‘वाचावे असे’ हा तिसरा शब्द लोक विसरले. सिराकपुत्राने म्हाताऱ्या बापाविषयी लिहिलेले वाचा : त्याची बुद्धी चळली तरी त्याला सांभाळून घे, असे तो मुलाला सांगतो. हे वाचायला कोणत्या धर्मसभेचा ठराव हवा?

त्यातच ‘अपॉक्रिफा’ हा एकच शब्द दोन अगदी निराळ्या ढिगांना लावला जातो, त्याने गोंधळ वाढतो. एक ढीग आतापर्यंत सांगितला तो. दुसरा, ख्रिस्तानंतर प्रेषितांच्या नावावर रचलेल्या शुभवर्तमानांचा आणि चरित्रांचा. यांना नव्या करारात कोणत्याही मोठ्या पंथाने जागा दिलेली नाही. तरीही त्यांच्या खुणा पुसल्या गेल्या नाहीत. गोव्यात तळावलीला संत आनाच्या नावाचे जुने चर्च आहे. आना म्हणजे मरियेची आई. पण हे नाव चारही शुभवर्तमानांत नाही, ते याकोबाच्या नावाने रचलेल्या एका बाह्य ग्रंथातून आले. ‘थोमाची कृत्ये’ या पुस्तकात थोमा हिंदुस्थानात गुंदफर राजाकडे जातो. ही दंतकथाच म्हणून लोक सोडून देत. एकोणिसाव्या शतकात वायव्येकडे त्या नावाच्या राजाची नाणी मिळाली! नाण्यांनी थोमाचा प्रवास सिद्ध होत नाही. राजा खरा होता एवढेच सिद्ध होते.

पहिल्या ढिगाबद्दलही नवे पुरावे आले. १८९६ साली दोन जुळ्या स्कॉटिश बहिणींनी पूर्वेकडून आणलेले एक जीर्ण पान केंब्रिजच्या सॉलोमन शेख्टर यांनी ओळखले. ते सिराकपुत्राचे हिब्रू होते. आज त्या ग्रंथाचा सुमारे दोनतृतीयांश भाग हिब्रूत मिळालेला आहे. मृत समुद्राजवळ कुमरान येथे १९५२ साली सापडलेल्या चौथ्या गुहेतून तोबीतचे तुकडे निघाले, ते अरामी आणि हिब्रू. म्हणजे हे ग्रंथ मुळातच ग्रीक, हा सरसकट आक्षेप गेला. सुसान्नेची गोष्ट मात्र कुमरानच्या दानीएलाच्या एकाही प्रतीत निघाली नाही. आफ्रिकानसची कोटी अजून उभी आहे.

गुरुजींना मी कळवले ते असे. परिचारिकाबाईंकडचे बायबल मागा आणि दानीएलाचा तेरावा अध्याय काढा. एखाद्या जुन्या इंग्रजी बायबलात ती गोष्ट दोन करारांच्या मध्ये ‘सुसान्ना’ या निराळ्या नावाने मिळेल. शेजाऱ्यांनाही बोलवा आणि दोघांपैकी एकाला ती मोठ्याने वाचायला सांगा. मुलांना सांगताना मात्र चिंच आणि करवंद ही झाडे सांगू नका. ती माझी आहेत.